अपोफिलाइटचा पंचनामा

निजामाच्या अमलातलं सांगतो. ताडकळसजवळच्या गावात आमचे मामा पोलीस पाटील होते. पंचनाम्याबिगर त्यांचा कशावरच इश्वास न्हाई. एकदा विहीर खोदताना काचेवानी हिरवा दगड निघाला. दगडं तपासत फिरणारा हैदराबादचा साहेब गावात आला व्हता, तो बघून म्हणाला, "हे अपोफिलाइट. नावाचा अर्थ, तापवलं की पानं सुटतात. लय दुर्मिळ हाय. उद्या पेटी आणतो, तवर सांभाळा."

साहेब गेला तसे मामा म्हणाले, "पानं सुटतात का, बघावं तर लागंल." दगड लोहाराच्या भट्टीत घातला. खरंच पापुद्रे सुटले! बघायला उशिरा आलेले गावकरी रुसले, म्हणून उरलेला तुकडाबी तापवला.

दुसऱ्या दिवशी साहेब पेटी घेऊन हजर. "पत्थर कहाँ है?"

मामांनी पंचांच्या अंगठ्यांचा कागद पुढं केला आणि वाचून दाखवला, "नाव खरं निघालं. पत्थर खलास."