खिळ्यावरची शिट्टी

थांब शलाके, एक मिनिट थांब, या लोकांना आधी वाटेला लावू दे—भिया, डावीकडून जा, डावीकडून! उजवीकडे दरबारचा हत्ती पुरलाय, त्याच्यावर पाय नका देऊ!—बघ, बघ, कसे टाचा उचलून चाललेत. मगाशी त्यांना खरं सांगितलं, की हे मोठं फाटक विलायतेहून बोटीनं आणलं म्हणतात, तर हसायला लागले, म्हणे काका, कुछ भी फेकते हो. आणि हत्ती पुरलाय म्हटलं तर त्या चष्मेवाल्यानं लिहून घेतलं. मी या लालबाग राजवाड्याचा फोकट गाईड, रोज चार वाजता येऊन या बाकावर बसतो, कुणी ठेवलेला नाही आणि कुणी काढूही शकत नाही. बस. रुमाल टाकू का खाली? नको? विजय नगरच्या काचेच्या ऑफिसात बसणाऱ्या पोरी बाकाला घाबरतात असं ऐकून होतो. बरं, बस.

तू का आलीस ते मला माहीत आहे. लीलावहिनींचे तीन फोन येऊन गेले. गुडघा दुखतो म्हणून सांगितलं त्यांना—डावा सांगितला होता की उजवा गं? एकदा डावा, एकदा उजवा? मग पकडला गेलो मी. हाव, खरंय, नाही दुखत गुडघा. चाळीस वर्षांचे आम्ही दोस्त, मिलच्या एका खात्यात शेजारी-शेजारी माग चालवले, माझा डबा त्यानं खाल्ला आणि त्याच्या डब्यात मी बेडूक ठेवला, आणि आता तुझा बाप, चिंत्या, अंथरुणाला खिळला तर दोन महिन्यांत मी त्याच्या दारात गेलो नाही. तुझी आई म्हणाली, दिवसभर उशीखाली हात घालून काहीतरी शोधतो. सापडत नाही म्हणून रडतो. काय शोधतो ते तुलाही ठाऊक आहे ना? आहेच. सगळ्या चाळीला ठाऊक आहे.

काय म्हणालीस? डॉक्टरांनी असं सांगितलं? किती दिवस—नको, राहू दे, आकडा नको सांगूस.

आणि मी येऊन काय करायचं? हसवायचं? एवढंच? बाबा फक्त तुमच्या थट्टेला हसतात, काका—असं म्हणतेस. बघ, लोक सर्कशीतल्या विदूषकालासुद्धा आधी चहा पाजतात. हा काय, फोटो आणलास? दाखव. अरे बापरे! मुंबई! ब्याण्णवचा फेब्रुवारी, गेटवेसमोर, हा मी, केस बघ माझे, आणि हा तुझा बाप, हातात बाटली. त्या बाटलीत काय आहे ओळख—समुद्राचं पाणी. वहिनींना समुद्र दाखवायचा होता त्याला, त्या आल्या नव्हत्या, तू तेव्हा चौथीत, तुझी परीक्षा. म्हणून मग बाटलीत भरून घेतला समुद्र.

त्या सहलीचा गाईड मी होतो, सांगितलंय का कुणी तुला? मिल तेव्हा चार महिने थंड पडली होती. नवीन धोरण आलं, बाहेरचं कापड आलं, आमचे माग म्हणे म्हातारे झाले. तर एक दिवस लेबर ऑफिसर मला म्हणतो, शंकरराव, लोक कंटाळलेत, वेलफेअरची बस देतो, चार दिवस मुंबई फिरवून आणा. मला वाटलं, काय मूर्ख माणूस आहे, बंद मिलची बस फुकट उकळली मी! सगळ्यांना सांगितलं, मुंबई मला पाठ आहे, दोन वर्षं काढलीत. कसली दोन वर्षं? कल्याणला आत्याकडे आठ दिवस, त्यातले सहा तापात. पण ड्रायव्हरच्या मागे उभा राहिलो, हातात माइक, आणि जे सुटलो! मरीन ड्राइव्हचे दिवे दाखवून म्हटलं, हे सगळे दिवे रोज एकच म्हातारा काडी ओढून लावतो, शेवटचा लागेपर्यंत पहिला विझवायची वेळ होते. पन्नास लोक त्या म्हाताऱ्यासाठी हळहळले. त्यांच्याकडेही एक लालबाग आहे बरं का, पण आपल्या लालबागेत राजवाडा आणि त्यांच्या लालबागेत गिरण्यांची धुराडी, आणि ती पण थंडगार—तिथं मात्र मला काही सुचलं नाही, माइक तसाच हातात राहिला. मग गेटवेवर पलीकडच्या किनाऱ्याकडे बोट करून म्हटलं, ते बघा अरबस्तान! तुझा बाप किती वेळ डोळ्यांवर हात धरून बघत राहिला, आणि मग मला म्हणतो, शंकऱ्या, तिथं धुराडं आहे रे. धूर निघतोय. त्यांची मिल चालू आहे.

गळ्यात? माझ्या गळ्यात काय आहे विचारतेस—ताईत आहे तो. दृष्ट लागू नये म्हणून. दिसायला बरा होतो तेव्हा. नाही पटत? नखानं काय दाखवतेस, मला चष्म्याशिवाय दिसत नाही. बरं. शिट्टी आहे. गाईडला शिट्टी लागते की नाही? पन्नास लोक, कुणी भेळेला पळतो, कुणी मुतारीला पळतो, त्यांना गोळा कसं करायचं? चल, चहा घेऊ, फाटकापाशी एक आहे, आलं चांगलं घालतो—

नको म्हणतेस. बस मग.

तुला ते मिलच्या गेटवरचं आठवतं का? तू लहान होतीस. माग थंड पडले तरी आतच होते, आणि आमचं एकच म्हणणं, माग आत आहेत तोवर आशा आहे. म्हणून गेटवर पाळ्या लावल्या. एक माणूस चटईवर बसणार, आणि मागच्या भिंतीत एक खिळा, त्या खिळ्याला शिट्टी. माग न्यायला ट्रक आला, की फुंकायची. तिचा आवाज चाळीतल्या शेंबड्या पोरालाही पाठ होता, ती वाजली की हातातला घास टाकून सगळ्यांनी गेटवर यायचं, आडवं पडायचं. दोनदा वाजली होती, दोन्ही वेळा तीनशे माणूस पाच मिनिटांत जमलं आणि ट्रक उलटे फिरले. शिट्टी तुझ्या बापाची, त्यानंच तिला मागावरचा लाल दोरा बांधला होता, आणि पाळी कुणाची का असेना, निघताना खिळ्याला हात लावून बघायचा, आहे ना. मुंबईला यायलाही तयार नव्हता तो. चिंत्या, समुद्र बघितल्याशिवाय मरणार का तू, असं म्हणून मीच ओढला त्याला. त्याच्या जागी द्वारकाबाई बसणार होत्या, सूत गुंडाळायच्या कांडी खात्यातल्या, साठी उलटलेली बाई, बसमध्ये मळमळतं म्हणून येत नव्हत्या. तुझ्या बापानं त्यांना चटई दिली, खिळा दाखवला, शिट्टी दाखवली, आणि बसमध्ये येऊन बसला. हे नीट ऐक. दाखवली. खिळ्यावर होती.

मग मी पाणी प्यायला म्हणून उतरलो.

अगं, थट्टा होती ती! दुसरं काय असणार? मी काय विचार करून काही करतो का कधी? खिळा दिसला, शिट्टी दिसली, डोक्यात आलं, गाईडच्या गळ्यात काय शोभेल! चार दिवसांचा तर प्रश्न. ट्रक काय चार दिवसांत येणार आहेत? ज्यानं बस दिली तोच—हां. आता तुझ्या लक्षात आलं. माझ्या तेव्हा नाही आलं. सगळ्यांना फसवणारा मी, मला कोण फसवणार! दोरा सोडून खिशात घातला, शिट्टी बुटाच्या नाडीला बांधली, आणि चौपाटीवर पहिल्यांदा जोरात फुंकली—तर सगळे माझ्याकडे आले आणि तुझा बाप उलटा वळला. पाठमोरा. जणू गेट तिकडेच आहे. मग माझ्याजवळ येऊन म्हणतो, शंकऱ्या, ही आपली आहे. मी म्हटलं, येडा का रे तू, ही आत्ता फुटपाथवर घेतली, सगळ्या शिट्ट्या सारख्याच वाजतात. त्यानं मान हलवली. विश्वास ठेवला. पण पुढं तीन दिवस, राणीच्या बागेत, मत्स्यालयात, हाजीअलीला, मी फुंकली की हा पाठ फिरवणार. आणि मला हसू यायचं. म्हणून मी गरज नसताना पण फुंकायचो, शलाके. त्याला वळताना बघायला.

शनिवारी आम्ही बोटीत होतो, भर दुपारी, आणि तेव्हाच इथं मिलच्या गेटवर ट्रक आले. द्वारकाबाईंनी खिळ्याकडे हात नेला. खिळा रिकामा. ओरडल्या, पण म्हातारीचा घसा तो केवढा. मग आपल्या डब्यावरची थाळी घेतली आणि लाटण्यानं—नाही, लाटणं कुठून, दगडानं बडवायला लागल्या. आता आपल्या इंदुरात थाळी कधी वाजते सांग. मुलगा झाला की. चाळीत आवाज गेला, बायका म्हणाल्या, कुणाकडे बरं मुलगा झाला? तुझी आईच मला नंतर सांगत होती, आम्ही हसलो, म्हटलं गंगूबाईच्या सुनेला झाला असणार, नववा लागला होता तिला. एकजण बताशे घ्यायला पण निघाली. आणि तिकडे एका मागोमाग एक माग ट्रकवर चढत होते, आणि ती बाई थाळी बडवत होती.

सोमवारी सकाळी आमची बस आली. मी घाटातच दोरा परत शिट्टीला बांधून ठेवला होता, म्हटलं उतरलो की गुपचूप खिळ्याला लावू. तर गेटला टाळं, त्यावर कागद, आणि समोर सगळी चाळ उभी. द्वारकाबाई खाली बसलेल्या, दोन्ही तळवे फडक्यात बांधलेले. चिंत्या सगळ्यांच्या आधी उतरला. त्याची पिशवी सीटवर राहिली. आणि माझा हात आपोआप—

आपोआप नाही. या वयात खोटं कशाला. नीट विचार करून टाकली मी शिट्टी त्याच्या पिशवीत. आयुष्यात एकदाच काहीतरी विचार करून केलं, ते हे. मग पिशवी त्याला नेऊन दिली, घे रे चिंत्या म्हणून. द्वारकाबाई म्हणत होत्या, शिट्टी नव्हती, खिळ्यावर शिट्टी नव्हती, आणि हा म्हणत होता, होती, मी दाखवली तुम्हाला. लीलावहिनी समोर होत्या, काय करावं कळेना म्हणून बाटली काढायला त्यानं पिशवीत हात घातला, आणि बाटलीबरोबर ती बाहेर आली. लाल दोरा. सगळ्यांनी बघितली.

माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही गं त्यानं. आपणच घातली असणार, विसरलो असणार, असं त्यानं धरलं. दुसऱ्यावर संशय घ्यायची अक्कलच नाही तुझ्या बापाला. मग पोरं त्याला शिट्टीवाला म्हणायला लागली—तुलाही म्हणायची ना, नळावर, शिट्टीवाल्याची पोरगी? माहीत आहे. एका पोराच्या कानाखाली मी पण वाजवली होती. काय उपयोग. पुढं त्या विजय नगरच्या मॉलवर वॉचमन लागला, सोळा वर्षं, एक सुट्टी नाही. चहाला गेट सोडायचा नाही. तुझ्या साखरपुड्यातून अर्ध्या जेवणावर उठून ड्यूटीला गेला, तू रुसली होतीस, आणि मी काय म्हटलं होतं? चिंत्याला मॉल पळून जाईल अशी भीती वाटते. सगळे हसले होते. तू पण.

एका शिट्टीनं मिल वाचली असती का? नसती. मी इतकी वर्षं हाच हिशोब घालतोय, आज नसते तर महिन्यानं नेले असते माग. पण त्याला वाटलं असतं ना, आपण आडवे पडलो होतो. तेवढं तरी.

काय करतेस? कुणाला लावतेस? नको—अगं, मी उद्या येतो, गुडघ्याची शप्पथ येतो—फोन असा तोंडासमोर नको धरूस माझ्या. माइक धरल्यासारखा. हॅलो? लीलावहिनी? हो, मीच. द्या. त्याला द्या.

चिंत्या, शंकर बोलतोय. कुठून म्हणजे, लालबागेतून. आपल्या. ऐक, बोलू नकोस, दम लागेल तुला. शिट्टी तू विसरला नव्हतास. तू खिळ्याला लावली होतीस, द्वारकाबाईंना दाखवली होतीस. मी काढली. मी! आणि तुझ्या पिशवीत पण मीच टाकली. ऐकू येतंय का?—काय? काय झालं?—शलाके, हा हसतोय गं. अरे हसू नकोस, खोकला येईल. थट्टा नाही रे ही. आईची शप्पथ. पुरावा? आहे पुरावा, गळ्यातच आहे माझ्या, तू रस्त्यात टाकलीस तेव्हा मी उचलली होती, थांब, ऐक, ही ऐक—

ऐकलीस? ओळख ना. तूच तर दर वेळी पाठ फिरवायचास—

हो. हो रे. बरं. झोप.

काय म्हणाला सांगू? म्हणाला, येड्या, सगळ्या शिट्ट्या सारख्याच वाजतात.

घे तुझा फोन. अजून हसतोय, कानाला लाव, तेवढ्यासाठीच आली होतीस ना? झालं तुझं काम. शिट्टी? नाही, ही नाही देणार. माझ्याकडेच राहू दे. रडू नकोस इथं, त्या लोकांना वाटेल गाईडनं काहीतरी केलं. ऊठ. जा आता, उशीर होईल. आणि डावीकडून जा.