हे टेबल कुवाबाराबाईंचं नाही

आजच्या सत्कार समारंभाचे अध्यक्ष, नगराध्यक्ष ताकेमुरासाहेब. चौऱ्याऐंशीव्या वर्षी का होईना, पण गावाला ज्यांची आठवण झाली त्या आदरणीय कादंबरीकार कुवाबारा हिसानोबाई. वाचनालयाचे पदाधिकारी आणि जमलेल्या बंधुभगिनींनो,

मी मिनेगिशी. मासिकाचा संपादक म्हणून तीस वर्षं दर महिन्याला तोक्योहून यायचो आणि बाईंच्या कादंबरीचं पुढचं प्रकरण घेऊन जायचो. चार गोड शब्द बोला, असं मला सांगितलंय. बोलणारही होतो. पण आत येताना बाईंच्या नावाचं नवं दालन पाहिलं आणि माझं डोकं फिरलं.

तिथे काचेमागे एक टेबल ठेवलंय. खाली पाटी, 'याच टेबलावर लेखिकेने अकरा कादंबऱ्या लिहिल्या.' आणि अध्यक्षमहोदय आत्ताच म्हणाले की, पतीच्या प्रोत्साहनामुळे बाई घडल्या. साहेब, राग मानू नका, पण हे तुम्हाला सांगितलं कोणी?

ते टेबल बाईंच्या पतीचं, मुख्याध्यापक कुवाबारांचं. बाईंना त्यावर फडकं मारायची मुभा होती, बसायची नव्हती. बाई लिहायच्या स्वयंपाकघरात, तांदळाच्या पेटीच्या झाकणावर. स्वयंपाकाची वेळ झाली की कागद उचलायचे, झाकण उघडायचं, तांदूळ काढायचे, पुन्हा कागद मांडायचे. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा दारात सासूबाई. विचारलं, "लेखिका आहेत का घरात?" म्हणाल्या, "इथे आमची सून राहते. लेखिका हवी असेल तर शेजारी विचारा." आतून बाईंचा आवाज आला, "अहो मिनेगिशी, बसा. दोन पानं राहिलीत आणि भात उतरायचाय."

त्या पानांना मुळ्याच्या लोणच्याचा वास यायचा. आमच्या कचेरीतले विद्वान नाकाला रुमाल लावून हसायचे. मासिक चालायचं मात्र त्याच पानांवर. आणि मुख्याध्यापकांनी त्या अकरांपैकी एकही वाचली नाही. याला प्रोत्साहन म्हणायचं?

पाटीला आधार काय, म्हणून मघाशी वाचनालयाच्या लोकांना जरा चढ्या आवाजातच विचारलं. त्यांनी बाईंच्या पहिल्या पुस्तकामागचा फोटो दाखवला. बाई त्याच टेबलापाशी, हातात पेन.

तो फोटो मी काढलाय.

मी चोवीस वर्षांचा होतो. बाई म्हणाल्या, "इथेच काढा की, पेटीपाशी." मी शहाणा म्हणालो, "स्वयंपाकघरातली बाई लेखिका वाटत नाही हो." मुख्याध्यापक शाळेत गेले होते. मीच बाईंना त्यांच्या खुर्चीत बसवलं. पाच मिनिटं बसल्या असतील. उठल्यावर त्यांनी एप्रनने खुर्ची पुसली, कुणी बसल्याचं कळू नये म्हणून. मी ते पाहिलं आणि फोटो घेऊन गाडी पकडली. तेव्हा मंडळी, तुम्ही फक्त पाटी लावलीत. खोटं माझं आहे.

मघाशी बाईंना विचारलं, "तुम्ही गप्प कशा बसलात?" म्हणाल्या, "खरं सांगितलं असतं तर त्यांनी पेटी मागितली असती. ती कशी देऊ? बारावी कादंबरी अजून संपायचीय."

अध्यक्षमहोदय, ते टेबल आजच हलवा. बारावी होईपर्यंत जागा रिकामी राहिली तरी चालेल.

बोलू दिलंत, ऐकून घेतलंत, आपला आभारी आहे. या भाषणात जे चुकलं असेल ते सभागृहाने पोटात घालावं. सत्तेचाळीस वर्षांपूर्वी जे चुकलं, त्याची क्षमा मात्र एकाच व्यक्तीकडे मागायची आहे. बाई, माझं चुकलं. आणि आज उठताना खुर्ची पुसू नका.