फक्त वेस्टर्न फॅमिली

आल्बर्ट : ते राहू दे गो, आधी फ्लॅटचा हॉल केवढा आहे ते सांग.

सेलीन : हॉलमधून नुसती गेले मी. एजंट भराभर पुढे चालला होता.

आल्बर्ट : आणि बाल्कनी? फोनवर म्हणाला, "मिस्टर परेरा, अर्धं अल रय्यान शहर दिसतं." नाव ऐकलं नि सर-सर करायला लागला बघ. मीही जरा नाकातून इंग्रजी झाडलं.

सेलीन : पोर्तुगालचा समजला असेल तुला.

आल्बर्ट : समजू दे की! मी कुठे खोटं बोललो? म्हणाला, बिल्डिंगमध्ये फक्त वेस्टर्न फॅमिली घेतात. वसई काय पूर्वेला आहे?

सेलीन : आल्बर्ट, ऐक ना.

आल्बर्ट : तू ऐक. या विलात पार्टिशन टाकून भाड्याने दिलेल्या प्लायवूडच्या खोलीत मुलं चालत नाहीत, म्हणून पोरीला चार वर्षं वसईला आईकडे ठेवलं. आता फ्लॅट मिळाला की जोस्लीन इथे. खलास! तिची खोली बघितलीस?

सेलीन : मी एकच खोली बघितली. किचनमागची. खिडकी नाही. त्याने स्वतः लाइट लावून दाखवली. "एसी है, बाथरूम अलग है. तुम्हारी मॅडम कब आएगी?"

(आल्बर्ट उठून पंखा मोठा करतो, पुन्हा लहान करतो.)

आल्बर्ट : चर्चचा ड्रेस घातला होतास ना?

सेलीन : मोत्यांच्या कुड्यासुद्धा.

आल्बर्ट : मग सांगायचंस त्याला, मी स्टाफ नर्स आहे, मीच मिसेस परेरा!

सेलीन : सांगितलं. बिचारा इतका ओशाळला, की फ्लॅट त्याच मिनिटाला दुसऱ्या कोणाला तरी गेला.

आल्बर्ट : कुठला होता हा लाटसाहेब?

सेलीन : आपल्याकडचाच. त्यालाही तिथे कोणी घर देणार नाही, पण नियम काय चोख पाळतो! मेड म्हणे कुठल्याही देशाची चालते. अडचण फक्त भाडं भरणाऱ्याची.

आल्बर्ट : पुढच्या वेळी मी जातो. सूट घालून.

सेलीन : जा. तुला ड्रायव्हरची खोली दाखवतील.

आल्बर्ट : कर थट्टा. आता आईचा फोन येईल. पोरीने विचारलं, पप्पा, माझी खोली कशी आहे, तर काय सांगू?

सेलीन : काही सांगावं लागणार नाही. ती हल्ली विचारत नाही रे. आजीच्या खोलीलाच 'माझी खोली' म्हणते.