ड्रॅगनचे आई-बाप

दाताच्या दवाखान्यात माझ्या शेजारी काका-पुतणी बसले होते. काकांची नजर मोबाइलच्या गेममधल्या एका अंड्यावर होती.

"आज संध्याकाळच्या लढतीत तुझ्या आत्याची जिरवतोच. या अंड्यातून असा ड्रॅगन निघेल ना, की बघत राहशील!"

"मागच्या वेळीही हेच म्हणालात काका. हरलात आणि महिनाभर भांडी घासलीत."

"तेव्हा जोडी चुकली होती गं. या वेळी बाप पैलवान आणि आई वाऱ्यासारखी पळणारी. पोरात दोन्ही उतरणार."

"आणि उलटं झालं तर? आपल्या दादाने काकूची उंची घेतली आणि तुमचं डोकं."

"गप्प बस. फुटलं, फुटलं! आला बघ माझा वाघ!"

"बघू. ताकद आईची. वेग बापाचा."

"अरे देवा! हा तर धड चालतही नाही."

"मग त्याच जोडीचं दुसरं अंडं काढा. संध्याकाळपर्यंत वेळ आहे."

"जोडी नाहीये आता."

"म्हणजे?"

"उगाच जागा अडवून बसले होते दोघं. सकाळीच देऊन टाकले."

"कुणाला?"

"मागत होती बिचारी."

"कोण काका?"

"आत्या तुझी."

"हं. तिनेच फोटो पाठवलाय आत्ता. तिचंही अंडं फुटलं. ताकद बापाची, वेग आईचा."