हेमंतभाऊंची पिवळी पट्टी

नाना, वहिनी, शेठ, आणि इथे जमलेले सगळे.

मला धड बोलता येईल की नाही, माहीत नाही. मी वर्षा. जळगावच्या ऑफिसात हेमंतभाऊंच्या शेजारच्या टेबलावर बसते. गेल्या आठवड्यात हार्ट अटॅक आला आणि भाऊ गेले. त्यांचा स्वेटर खुर्चीवर अजून तसाच आहे. कोणी काढत नाही. मीही काढला नाही.

भाऊ नेमकं काय काम करायचे? एकदा सोनगीरला, त्यांच्या घरी, नानांनीच त्यांना विचारलं होतं, माझ्यासमोर. "तू तठे करस काय?" भाऊ म्हणाले, "लोकेसना दार ठोकस, नाना." "आनि उघाडं नही ते?" "मंग थांबस." लोकांचं दार ठोकायचं, उघडलं नाही तर थांबायचं. मला वाटलं, बापलेकाची चेष्टा चाललीय. चेष्टा नव्हती. ते खरंच तेच करायचे.

आपला प्रोग्राम दवाखान्यांत चालतो. कुठल्या रक्तपेढीत कुठल्या गटाचं रक्त आहे, हे तो बाहेरच्या एका सर्व्हरला विचारतो आणि सिस्टरना स्क्रीनवर दाखवतो. तो सर्व्हर आपला नाही. कधी उशिरा बोलतो, कधी बोलतच नाही. भाऊंचं सगळं डोकं त्या न बोलण्यावर खर्च व्हायचं. उत्तर आलं नाही तर थोडं थांबून परत विचारायचं. मग आणखी जास्त थांबून. मग विचारणं बंद. आणि प्रत्येक दवाखान्याचा थांबायचा वेळ वेगवेगळा. मी म्हटलं, भाऊ, हे वेगवेगळं कशाला? तर म्हणाले, "कोणी गेलं की त्या घरी द्वारदर्शनाला गेलीस ना कधी? सगळे एकदम आत शिरले तर घरच्यांना श्वास तरी घेता येतो का?"

परवा त्यांच्याच द्वारदर्शनाला आपण सगळे एकदम शिरलो. वहिनी, माफ करा.

आणि उत्तर आलंच नाही, तर स्क्रीनवर पिवळी पट्टी. "उत्तर आलं नाही. आधीचा साठा असा होता. रक्तपेढीला फोन करा." खाली फोन नंबर. शेठ, ही पट्टी तुम्हाला कधीच आवडली नाही. तुम्ही म्हणायचात, पिवळं दिसलं की गिऱ्हाइकाला वाटतं आपला माल बिघडलाय. सरळ शून्य दाखव, स्क्रीन स्वच्छ दिसते. भाऊ म्हणायचे, "शेठ, शून्य म्हणजे रक्त नाही. आपल्याला तर माहीतच नाही. हे दोन्ही एक कसं?"

ती दुपार तुम्हाला आठवते, शेठ? सर्व्हर गप्प झाला. धुळ्याच्या दवाखान्यातून सिस्टरचा फोन आला. बाळंतीण टेबलावर, रक्तस्राव थांबत नाही, गट दुर्मिळ, आणि स्क्रीन पिवळी. तुम्ही भाऊंच्या मागे उभे होतात. "अरे परत विचार ना त्याला, दाब!" भाऊंनी माउस हाताने झाकून धरला. "शेठ, तो उठतोय. सगळ्यांनी मिळून ढकललं तर परत पडेल." आणि फोनवर म्हणाले, "सिस्टर, स्क्रीन सोडा. खालच्या नंबरला फोन लावा. आत्ता."

सिस्टरनी आमची लाईन तशीच ठेवली. पलीकडे त्या दुसऱ्या फोनवर बोलत होत्या, ते आम्हाला नीट कळत नव्हतं. भाऊंच्या मानेवर घाम होता. तुमचाही श्वास मला ऐकू येत होता, शेठ. मग सिस्टर म्हणाल्या, "आहे. त्यांच्याकडे पिशवी आहे."

बाई वाचली. बाळ वाचलं. सर्व्हर नंतर सावकाश आपला आपण उठला.

त्या दिवशी स्क्रीनवर शून्य असतं तर? कोणी फोन केला असता? रक्त नाही म्हणून तिला तशाच अवस्थेत नाशिकच्या रस्त्याला लावलं असतं.

आता जे बोलणार आहे ते शोकसभेत बोलू नये, असं मला बाहेर दोघांनी सांगितलं. पण मग कुठे बोलू? सोमवारी आपला नवा प्रोग्राम दवाखान्यांत जाणार आहे. त्यात पिवळी पट्टी नाही. शून्य आहे. पट्टी काढायचं काम माझ्या टेबलावर आलंय. शेठ, तुम्ही वाईट माणूस नाही. भाऊंना तुम्ही खांदा दिलात, रडलातही. म्हणूनच सगळ्यांसमोर सांगते. ती पट्टी मी काढणार नाही. दुसऱ्या कोणालाही काढू देऊ नका.

उत्तर आत्ता नको. सोमवारी परत विचारीन. तेव्हाही तुम्ही गप्प राहिलात, तर त्या गप्प राहण्याला मी होकार समजणार नाही.

आणि एक विनंती. वहिनींकडे आता गर्दी करू नका. कोणी पंधरा दिवसांनी जा, कोणी महिन्याने. तेव्हा दार वाजवायला कोणी नसतं.

चला, उभे राहू. भाऊ, एकदाच हाक मारते. उत्तर येणार नाही, माहीत आहे. तरी आम्ही थोडं थांबतो.