जेलसमोरचा मांडव

आणीबाणीतला वैशाख. सांगलीच्या जेलबाहेर भेटीच्या रांगेत माझ्यापुढं अंबूबाई आणि तिचा दीर नाथाजी उभे होते. रांगेत माणसं खाजगी बोलतात आणि मागच्यानं बहिरं व्हावं अशी अपेक्षा ठेवतात.

“वैनी, पोरीचं लगीन तोंडावर आलंय. आज दादाची सही घ्याच.”

“कशावर?”

“पुन्ना सभेत बोलणार न्हाई, म्हणून. लगेच सोडत्यात.”

“आदी सांगा, त्यांनी गुन्हा काय केलाय?”

“केला न्हाई वो. करतील म्हणून धरलंय.”

“मग तुमालाबी धरतील. तुमी तर झोपंतबी भाषण ठोकता.”

“चेष्टा नगं. वकील म्हणला, आता कोर्टबी कारण इचारत न्हाई.”

“कोर्ट इचारत न्हाई, मी इचारते. न केलेल्या गुन्ह्याची माफी मागून आलेला बाप पोरीला मांडवात नगं हाय. तिनंच सांगितलंय.”

“मग बापाबिगर लगीन लावायचं?”

“बापाबिगर कशाला? मांडव हितंच घालू, त्या चिंचंखाली. मंगलाष्टका भिंतीपल्याड ऐकू जातील.”

“वैनी, जमावबंदी हाय! समद्या वऱ्हाडाला आत घालतील.”

“घालू द्या. मग तर बापाच्या समोरच लगीन लागंल.”

तेवढ्यात दारावरचा हवालदार ओरडला.

“ओ बाई, फुडं सरका! पिशवीत काय हाय?”

“अक्षता. हात फुडं करा, सायेब. आमच्या पोरीच्या लग्नाला यायचं. लांब न्हाई, हितंच समोर हाय.”

हवालदारानं जेलच्या दाराकडं पाहिलं, मग चिंचेकडं पाहिलं आणि ओंजळ पुढं केली.

“मुहूर्त कवाचा हाय?”