विंगेतला आवाज

आत्या : पूस ते. माझ्यासमोर पूस.

मुलगी : नाही पुसणार. पहिलीवहिली फिल्म आहे माझी, आणि अख्ख्या फिल्ममध्ये खरं म्हणावं असं तेवढंच आहे.

आत्या : तुला बाबांवर फिल्म करायला सांगितली होती. बक्षिसं दाखव, आजोबांपासूनचे नाटकाचे फोटो दाखव. तू विंगेत शिरून माझं तोंड कसलं टिपत बसलीस!

मुलगी : कारण खरी तालीम तिथे चालली होती! अकरा मिनिटं. प्रत्येक वाक्य आधी तू कुजबुजतेस, मग बाबा म्हणतात. कधीपासून?

आत्या : त्याला शब्द आठवेनासे झाले तेव्हापासून. झाली दोन वर्षं. पाहुणे आले की मी त्याला चिकटून का बसते, वाटलं तुला?

मुलगी : आणि मला कुणी सांगितलं नाही! या घरात सगळे गातात, नाचतात, चित्रं काढतात. बोलत तेवढं कुणी नाही.

आत्या : झाकली मूठ सव्वा लाखाची, बाळा. धाकटा भाऊ आहे तो माझा. शनिवारी शेवटचा प्रयोग त्याचा. मानानं उतरू दे त्याला, मग काढ काय धिंडवडे काढायचेत ते.

मुलगी : धिंडवडे? अगं, तुझा आवाज ऐकून रडले मी!

बाबा : कोण रडलं?

आत्या : कुणी नाही. तू पडला होतास ना रे?

बाबा : पडून पडून किती पडू? दाराशीच होतो मघापासून. दाखव गं.

मुलगी : बाबा, तुम्हाला त्रास होईल...

बाबा : दाखव म्हटलं ना!

(बाबा सगळं बघतात. आत्या खिडकीकडे तोंड करून उभी.)

बाबा : उजेड गचाळ. आणि नाक केवढं दिसतंय माझं!

मुलगी : पुसू?

बाबा : पुसशील तर याद राख. टाळ्या मी खाल्ल्या आणि घसा हिचा सुकला. कळू दे लोकांना. फक्त फिल्मला माझं नाव नको. हिचं दे. ही माझी... ही...

मुलगी : आत्या, बाबा अडलेत.

बाबा : अगं, गप्प काय बसलीस? पुरव ना शब्द! काय म्हणतो मी तुला?

आत्या : ताई. ताई म्हणतोस.